स्टॉलनेकर जावांच्या दोन चुली

माझे नाव डेलमार रॉय विकलाइन, वय ७४ वर्षे, धंदा निवृत्त, राहणार कोल्टर गॅप, जुन्या पुलाच्या अलीकडे, टॅनर काउंटी, राज्य वेस्ट व्हर्जिनिया. धंद्याच्या जागी मी प्रथम ‘अंदाज सांगणे’ असे लिहा म्हणालो होतो. जबाब घेणाऱ्या डेप्युटी ट्रेसा कोगर यांनी असा धंदा नसतो असे सांगितल्यावरून ‘निवृत्त’ लिहिण्यात आले आहे.

आज गुरुवारी दुपारी शेरीफच्या कचेरीतून फोन आल्यावरून मी येथे हजर झालो असून, विचारले तेवढे आणि न विचारलेलेही थोडे, असे पुढीलप्रमाणे सांगतो.

मी पूर्वी किराणा दुकानात मांसाच्या काउंटरवर काम करत होतो. मांसाचा तुकडा हातात घेतला की मी वजन सांगत असे, आणि मग काट्यावर टाकला की काटा तेच दाखवत असे. गिऱ्हाइके कौतुक करत. एवढ्या एका गोष्टीवरून मला जगातल्या सगळ्याच गोष्टींचा अदमास हाताला लागतो असा माझा समज झाला. माझी पत्नी ब्लांच हिचा तसा समज कधीच झाला नाही, हेही नमूद व्हावे.

निवृत्तीनंतर मी दर मंगळवारी गावच्या वाचनालयात एक टेबल घेऊन बसतो. सरकार ज्यांना अन्नासाठी मदत देते त्यांच्या कार्डात दर महिन्याला रक्कम जमा होते आणि ते कार्ड किराणा दुकानात चालते. ही मदत आपल्याला मिळेल का आणि मिळाली तर किती, हे लोकांना अर्ज करण्याआधी कळायला हवे असते. सरकारी खिडकीवर नकार ऐकण्यापेक्षा माझ्या तोंडून ऐकलेला बरा, कारण मी कोणीच नाही. मी लॅपटॉपमध्ये माहिती भरतो आणि अंदाज सांगतो. त्याचे पैसे घेत नाही. ब्लांच याला लष्कराच्या भाकऱ्या भाजणे म्हणते.

अंदाजाची रीत अशी की, येणारे उत्पन्न धरायचे, त्यातून ठरलेल्या वजावटी काढायच्या, म्हाताऱ्या माणसाचा औषधपाण्याचा खर्च काढायचा, घराचा आणि विजेचा जास्तीचा बोजा काढायचा. जे उरते त्यातला साधारण तिसरा हिस्सा माणूस स्वतःच्या पोटावर घालणार असे सरकार धरून चालते, आणि त्यापुढची भर ते घालते. डॉक्टरकडे जाण्यायेण्याचे मैलसुद्धा म्हाताऱ्यांच्या खर्चात धरता येतात, हे या काउंटीत बहुतेकांना माझ्यामुळे कळले. त्यामुळे लोक मला थोडेफार मानतात. आकडा सांगण्याआधी मी चष्मा काढून पुसतो. चष्मा स्वच्छच असतो.

डेप्युटी यांनी मुद्द्यावर या म्हटल्यावरून मुद्द्यावर येतो.

श्रीमती नेल्डा स्टॉलनेकर, वय ७६, आणि श्रीमती आयवा स्टॉलनेकर, वय ७१, या सख्ख्या जावा आहेत. दोघींना मी शाळेपासून ओळखतो. दोघींचा उल्लेख ‘श्रीमती’ असा करत राहिलो तर त्या दोघीही माझ्याशी बोलणार नाहीत, म्हणून पुढे नुसती नावे घेतो. दोघींचे नवरे, म्हणजे ते दोघे भाऊ, आता नाहीत. आयवाचे ट्रेलरचे घर पुरात गेले तेव्हापासून, म्हणजे अकरा वर्षे, ती नेल्डाच्या घरी राहते. नेल्डाला स्वतःची पेन्शन आहे आणि नवरा कोळशाच्या खाणीत होता त्याचीही येते. आयवाचे उत्पन्न थोडे, आणि त्यातलेही बरेचसे साखरेच्या औषधांत जाते. घरात रांधायची ती नेल्डा. आयवा बटाटे सोलायची आणि भांडी पुसायची. त्या घरात मी अनेकदा जेवलो आहे. नेल्डाच्या बीन्स आणि मक्याचा पाव याबद्दल माझी काहीच तक्रार नाही.

गेल्या सप्टेंबरातल्या एका मंगळवारी आयवा एकटीच माझ्या टेबलाशी आली. ती खुर्चीच्या कडेला बसली होती. मी दोघींचे उत्पन्न एकत्र भरले. आकडा इतका बारीक आला की चष्मा पुसायची मला लाज वाटली.

“एवढ्यात काय येतं?” तिने विचारले.

“कॉफीचा डबा. लहान घेतलास तर.”

ती म्हणाली, “असू दे. मला माहीतच होतं.” पण उठली नाही. थोड्या वेळाने म्हणाली, “नेल्डा रोज सकाळी विचारते, आज काय करू, तुला काय हवं? मी म्हणते, काहीही कर. अकरा वर्षं मी ‘काहीही’ म्हणतेय, डेलमार. दुसऱ्याच्या पेन्शनवर जेवणाऱ्या बाईनं आवड कशी सांगायची? पुरात माझी भांडी गेली ना, त्याचं मला तितकं काही वाटलं नव्हतं. आता वाटतं.”

हे ऐकून मला वाईट वाटले, आणि मला वाईट वाटले की माझा शहाणपणा उफाळून येतो. मी तिला सांगितले की यातून वाट आहे. मदत देताना सरकार छप्पर मोजत नाही, चूल मोजते. जी माणसे अन्न एकत्र विकत आणतात आणि एकत्र रांधतात ते एक घर. एकाच छपराखाली राहूनही ज्यांचे बाजारहाट आणि रांधणे वेगळे, ती दोन घरे. नवरा-बायकोला ही सवलत नाही. जावांना आहे. मी फक्त आयवाचे उत्पन्न भरले, औषधे घातली, साखरेच्या डॉक्टरकडे जाण्याचे सगळे मैल घातले, आणि आकडा पाहून चष्मा दोनदा पुसला.

आयवाने लॅपटॉप स्वतःकडे वळवून आकडा वाचला. मग म्हणाली, “पण वेगळं म्हणजे कितपत वेगळं?”

यावर मला उत्तर माहीत नव्हते. ‘माहीत नाही, विचारून सांगतो’ असे म्हणण्याची माझी पद्धत नसल्याने मी म्हणालो, “पूर्ण वेगळं. सरकार आहे ते, गंमत नाही. तिच्या भांड्यातलं तू खायचं नाहीस, तुझ्या भांड्यातलं तिनं खायचं नाही. एक चमचाही इकडचा तिकडे नको.”

त्याच आठवड्यात शनिवारी मी स्वतः त्यांच्या घरी गेलो. मला कोणी बोलावले नव्हते. बरोबर दुकानातली जुनी पांढरी चिकट पट्टी होती. फ्रिजचे दोन भाग केले, फडताळाचे केले, शेगडीचे डावे दोन बर्नर नेल्डाचे आणि उजवे दोन आयवाचे ठरवले. नेल्डा दारात हाताची घडी घालून उभी होती.

“हिला माझ्या हातचं पचेनासं झालंय का?” ती मला म्हणाली.

“तसं नाही गं,” आयवा म्हणाली.

“मग कसं?”

आयवा काही बोलेना, म्हणून मी बोललो. मी उत्पन्न, वजावटी आणि तिसरा हिस्सा समजावून सांगू लागलो. नेल्डाने मला मध्येच थांबवले. “डेलमार, मला हिस्से सांगू नकोस. ही माझ्या घरात उपाशी होती का, एवढंच सांग.”

“उपाशी नव्हते मी,” आयवा म्हणाली. “पण मला दुकानात जाऊन माझ्या मनानं काहीतरी उचलायचंय, नेल्डा. बाकी काही नाही.”

नेल्डाने फ्रिजवरची पट्टी बोटाने चाचपली. मग “उचल बाई,” एवढे म्हणून ती अंगणात गेली. मी पट्टीचे टोक दाबून नीट बसवले आणि घरी येऊन ब्लांचला सांगितले की काम फत्ते झाले.

आयवाने अर्ज केला आणि तो मंजूर झाला. मंजूर झालेली रक्कम आणि माझा अंदाज यांत दोन डॉलरचाही फरक नव्हता. हे मी चर्चमध्ये किमान चौघांना सांगितले. चौथ्याने मला प्रार्थना सुरू झाली आहे असे दाखवून दिले.

त्यानंतर काय झाले ते माझ्या डोळ्यांनी पाहिले तेवढेच सांगतो. आयवा खुलली. दुकानात मी तिला पाहिले आहे. ती एकेक वस्तू उचलायची, वाचायची आणि परत ठेवायची, नको म्हणता येते एवढ्याच सुखासाठी. मांसाच्या काउंटरवरून ती मला फोन लावून विचारायची की आज खांद्याचा तुकडा घेऊ की मांडीचा. तिने एक जुने लोखंडी भांडे सेलमध्ये विकत घेतले आणि ते घासून घासून आरशासारखे केले. असे भांडे इतके घासू नये, त्यावरचा मुरलेला तेलाचा थर जातो, पण मी गप्प बसलो. मी आपणहून गप्प बसल्याचा हा एकच प्रसंग या जबाबात आहे.

नेल्डाने नियम माझ्यापेक्षा कडक पाळला. एकत्र बसले तर चमचा इकडचा तिकडे होईल म्हणून ती दुपारी बाराला जेवू लागली आणि आयवाला एकची वेळ दिली. नोव्हेंबरात एकदा मी तिच्याकडे गेलो तर ती बीन्स चर्चमागच्या कुत्र्याला घालत होती. मी विचारले, एवढ्या कशाला करतेस? ती म्हणाली, “दोघींचं माप बसलंय हाताला. एकटीपुरतं कसं करायचं ते मला येत नाही.” तेव्हा मला काहीतरी बोलायला हवे होते. मी कुत्रा जाड झाला आहे असे म्हणालो.

फेब्रुवारीत नेल्डाला फ्लू झाला. ती अंथरुणातून उठू शकत नव्हती. आयवाने आपल्या भांड्यात कोंबडीचे सूप केले आणि वाटी घेऊन तिच्याजवळ गेली. हे मी पाहिलेले नाही, आज दोघींनी माझ्यासमोर सांगितले ते सांगत आहे.

“ते सरकारचं आहे,” नेल्डा म्हणाली.

“कोंबडी आहे ती,” आयवा म्हणाली. “गिळ.”

नेल्डा बरी होईपर्यंत आयवाने तिला दोन्ही वेळा भरवले. नेल्डा बरी झाली, पण तिच्या मनाला ते लागून राहिले. आपण दुसरीच्या कार्डावरचे अन्न खाल्ले, म्हणजे सरकारला फसवले, असे तिचे म्हणणे. तिने हे कोणाला सांगितले नाही. मला सांगितले असते तर मी तिला आणखी घाबरवले असते याची मला आता खात्री आहे.

येथे आल्यावर मला कळले त्याप्रमाणे, आज सकाळी नेल्डाने कोर्टाच्या इमारतीत काम आहे असे सांगून गाडी काढली. आयवाला केसांच्या क्लिपा घ्यायच्या होत्या म्हणून तीही बरोबर आली आणि गाडीत बसून राहिली. शेरीफची ही कचेरी त्याच इमारतीत आहे. नेल्डा आत आली ती थेट डेप्युटी कोगर यांच्या टेबलासमोर, आणि म्हणाली, “मला अटक करायची असेल तर करा. मी सूप खाल्लंय.” डेप्युटींनी तिला बसवले, पाणी दिले आणि कोणते सूप ते विचारले. नेल्डाने सगळे सांगितले. अर्धा तास झाला तरी ती बाहेर येईना म्हणून आयवा आत आली, आणि प्रकार ऐकून म्हणाली, “खाल्लं तिनं, पण भरवलं मी. लिहायचंच असेल तर माझं नाव आधी लिहा.”

“तू मध्ये पडू नकोस,” नेल्डा म्हणाली.

“मध्ये मीच आहे. कार्ड माझं, सूप माझं. मध्ये तू पडलीस.”

डेप्युटींनी विचारले की असे एकमेकींचे खायचे नाही हे तुम्हाला सांगितले कोणी. यावर दोघींनी एकाच वेळी माझे नाव घेतले. गेल्या सहा महिन्यांत त्यांनी एकत्र केलेले हे पहिलेच काम असावे.

मला फोन आला तेव्हा ब्लांच शेजारीच होती. ती म्हणाली, “टूथब्रश घेऊन जा.” मी घेऊन आलो आहे. तो डेप्युटींनी ताब्यात घेतला नाही.

मी आलो तेव्हा आयवा भिंतीशी बसली होती आणि कार्ड तिने मुठीत धरले होते. नेल्डा तिच्याकडे पाहत नव्हती. आयवाने मला विचारले, “डेलमार, हे काढून घेतील का रे?”

मी माझा चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला, आणि आयुष्यात बहुधा पहिल्यांदाच म्हणालो की मला माहीत नाही. मग मला जे माहीत होते ते सांगितले, आणि तेही न सांगता भागले असते. तुम्हा दोघींची चूल एकच ठरली तर कार्ड बंद होईल, आणि आजवर मिळालेले परत मागतील, असे मी म्हणालो. आयवाचा चेहरा उतरला. नेल्डाचा त्याहून जास्त उतरला.

“परत मागतील?” नेल्डा म्हणाली. “ती कुठून देणार?”

मग आयवा म्हणाली, “नेल्डा, इकडे बघ. खरं सांग, पश्चात्ताप झाला म्हणून आलीस का इथे?”

“थोडा झाला होता.”

“आणि बाकी?”

नेल्डा पर्सची चेन उघडझाप करत होती. “बाकी मला वाटलं, की तुला पकडतील. तुरुंगाबिरुंगात नाही गं. तू परत माझ्या टेबलावर बाराला बसशील, इतपतच पकडतील.”

डेप्युटींनी हे लिहून घेतले. मला तेव्हा खिडकीबाहेर पाहावेसे वाटले, पण त्या खोलीला खिडकी नाही. मला दोघींपुढेही लाज वाटली. नेल्डा एकटी पडली होती हे मला नोव्हेंबरपासून दिसत होते, आणि मी कुत्र्याच्या तब्येतीवर बोलत होतो.

आयवा रडेल असे मला वाटले होते. माझा हाही अंदाज चुकला. ती म्हणाली, “मला माझं भांडं आवडतं, नेल्डा. तुझा राग म्हणून नाही. तुझ्या हातचं वाईट म्हणून नाही. मला आवडतं. सकाळी उठून मीच मला विचारते, आज काय करायचं, आणि उत्तर मलाच माहीत असतं. ते सोडून तुझ्या टेबलावर यायचं म्हणजे परत ‘काहीही कर’ म्हणायचं.”

नेल्डा म्हणाली, “मी विचारलंच नसतं तर?”

“तू विचारतेसच गं. तू चांगली आहेस ना, म्हणून विचारतेस. त्याचाच तर त्रास होतो.”

यानंतर डेप्युटींनी काउंटीच्या अन्नसाहाय्य कचेरीला फोन लावला आणि सगळ्यांना ऐकू जाईल असा टेबलावर ठेवला. पलीकडच्या बाईंनी शांतपणे सगळे ऐकून घेतले. मग विचारले की आयवा आपले सामान स्वतः आणते का. आणते. आपले रोजचे जेवण स्वतः रांधते का. रांधते. मग तक्रार काय आहे, असे त्यांनी विचारले. डेप्युटींनी सूप सांगितले. त्यावर त्या बाई म्हणाल्या की नियम एवढाच आहे, की नेहमीचे, बहुतेक वेळचे जेवण वेगळे असावे. कधीमधी एकमेकींकडे जेवले, आजारपणात भरवले, तर त्याने चूल एक होत नाही. सूप पाजल्याबद्दल सरकार कोणाच्या मागे लागत नाही, असेही त्या म्हणाल्या.

डेप्युटींनी माझ्याकडे पाहिले. जावांनी पाहिले नाही, ते मला जास्त लागले. डॉक्टरकडे जाण्याचे मैल ज्या पानावर आहेत, त्याच्या थोडे पुढेच हे सगळे लिहिलेले आहे असे आता मला समजले. मी तिथवर वाचलेच नव्हते. माझ्याकडे मैल होते, मला पुढचे कशाला हवे होते?

नेल्डा फोनकडे वाकून म्हणाली, “म्हणजे रविवारी आम्हाला एकत्र जेवता आलं असतं?”

“हो बाई.”

“नाताळला?”

“नाताळला तर नक्कीच.”

नाताळच्या दिवशी नेल्डा बाराला जेवली आणि आयवा एकला, ही माहिती मी डेप्युटींना स्वतःहून देत आहे. मी दोनच्या सुमारास ब्लांचने भाजलेला ‘ॲपल पाय’ घेऊन गेलो होतो. तो मी आधीच दोन वेगळ्या डब्यांत भरून नेला होता. दोघींना त्यांच्या शिस्तीबद्दल शाबासकी दिली, असेही माझ्या स्मरणात आहे.

मी दोघींची माफी मागितली. नेल्डा म्हणाली, “तू आधी गप्प बस.” तो हुकूम मी पुढची पाच मिनिटे पाळला.

फोनवरच्या बाई म्हणाल्या की विषय निघालाच आहे तर त्यांना एक गोष्ट नोंदवून ठेवायला हवी. इथून पुढे या दोघींचे नेहमीचे रांधणे वेगळेच राहणार आहे का? तसे असेल तर कार्ड आहे तसे चालू राहील, मागचे काही परत द्यावे लागणार नाही. एकत्र करणार असाल तर दोघींचे उत्पन्न धरून पुन्हा हिशेब करावा लागेल. आयवाचे म्हणणे अर्जात आहेच, म्हणून त्यांना घरातल्या दुसऱ्या बाईकडून ऐकायचे होते.

दुसरी बाई म्हणजे नेल्डा. दोघींचा मिळून आकडा किती येतो ते मला आणि आयवाला माहीत होते. नेल्डाने ‘एकत्र’ एवढाच शब्द उच्चारला असता तर तिला जे हवे होते ते सगळे याच टेबलावर मिळाले असते, आणि कोणी तिला खोटेही म्हणू शकले नसते. आयवाने मूठ मांडीवर ठेवली होती. ती नेल्डाला काही म्हणाली नाही. डेप्युटींनी लिहायचे थांबवले होते.

नेल्डाने पर्सची चेन पूर्ण लावली आणि फोनकडे तोंड करून म्हणाली, “नीट लिहून घ्या. ही बाई बीन्स रात्री भिजत घालत नाही. तशाच कोरड्या उचलते आणि शिजायला टाकते. असल्या बीन्स मी नेहमी खाईन असं वाटतं का तुम्हाला? आमची चूल वेगळी आहे. वेगळीच राहणार.”

पलीकडून बाईंनी ‘ठीक आहे’ म्हटले आणि रविवारी एकत्र जेवायला हरकत नाही याची आठवण करून दिली.

“रविवारचं मला नका सांगू,” नेल्डा म्हणाली. “बोलवायचं तिनं आहे.”

आयवाने मुठीतले कार्ड खिशात ठेवले. मग म्हणाली, “बाराला ये. झाकण उघडून बघायचं नाही.”

“बघणार,” नेल्डा म्हणाली.

माझ्याविरुद्ध कोणते कलम लागते का, असे मी डेप्युटींना विचारले. दीडशहाणेपणाला या राज्यात अजून कलम नाही असे त्यांनी सांगितले. येत्या मंगळवारपासून मी टेबलावर ‘माहीत नाही, विचारून सांगतो’ असे म्हणण्याचा सराव करणार आहे. तो जमेल की नाही याचा अंदाज मी देत नाही.

येथवर सांगितलेले डेप्युटी कोगर यांनी दोन्ही जावांसमोर मोठ्याने वाचले. मी ऐकले आणि त्यात माझे नसलेले असे काही निघाले नाही. ‘इतपतच पकडतील’ हे वाक्य खोडून टाका, असे नेल्डाने सांगितले. ते राहू द्या, असे आयवाने सांगितले. राहू दिले आहे.